आरमार सज्ज, शत्रू बेपत्ता

धाकटी बहीण सांगलीला दिल्यापासून आमच्या घरात सातारा विरुद्ध सांगली हे युद्ध अधूनमधून पेटतंच. कंदी पेढ्यापासून सुरू होतं, भडंगावरून वाढतं आणि कृष्णा मूळची कुणाची, इथं येऊन चहाला थांबतं. यंदा भाच्यानं ते थेट आकाशात नेलं. नववीतला हा गडी विज्ञानकथा लिहितोय. इकडून साताऱ्याचं हवाई आरमार, तिकडून सांगलीचं, आणि दोघांकडंही काळ मागंपुढं सरकवणाऱ्या तोफा. मला त्यानं युद्धसल्लागार नेमलं, कारण सुट्टीत दुसरं कुणी एवढं रिकामं सापडलं नाही.

साधी विमानं त्याला नको होती. मिरजेत सतारमेकरांच्या दुकानात भोपळे टांगलेले असतात तशी झेपेलिनं अजिंक्यताऱ्यावर टांगलेली दिसली पाहिजेत, हा त्याचा हट्ट. म्हटलं, "बाबा रे, हा नाद इंग्रजांनी करून बघितलाय." त्यांचं आर-१०१ हे ७७७ फूट लांबीचं हवाई जहाजाचं धूड ऑक्टोबर १९३० मध्ये इंग्लंडहून कराचीला निघालं होतं. कराची तेव्हा मुंबई इलाख्यात, म्हणजे सातारा जिल्ह्याची भावकीच. तिथं त्याच्यासाठी अवाढव्य शेडही बांधून तयार होती. पण जहाज फ्रान्समध्येच कोसळलं, आतल्या हायड्रोजननं पेट घेतला आणि ५४ पैकी ४८ माणसं गेली. खुद्द हवाईमंत्री त्यात होते. शेड वाट बघत राहिली.

"मग हेलियम भरू," भाचा म्हणाला.

"आणणार कुठनं? आपल्याकडं फुकट मिळतो तो मळीचा वास. त्यावर झेपेलिन उडत नाही."

इंधनाचं खातं त्यानं तूर्त राखून ठेवलं. विज्ञानकथाकाराला ती सवलत असते. काळाच्या तोफेवरून मात्र आमची खरी जुंपली.

सांगली साताऱ्याच्या पूर्वेला, रेखांशाच्या साधारण अर्ध्या अंशानं. त्यामुळं सूर्य सांगलीच्या माथ्यावर साताऱ्यापेक्षा दोन मिनिटं आधी येतो. हे कळल्यावर भाचा खुर्चीवर उभाच राहिला. "म्हणजे आम्ही कायम दोन मिनिटं भविष्यात!" घड्याळात हे दिसत नाही, कारण १९०६ पासून देशाला एकच प्रमाणवेळ. मुंबई मात्र हटून बसली. तिथली जुनी वेळ प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागं होती आणि ती १९५५ पर्यंत तग धरून राहिली. लोकल पकडायला धावणाऱ्या शहरानं मागं राहण्यासाठी पन्नास वर्षं झुंज द्यावी, हे मुंबईलाच जमतं.

सांगलीकडं दुसरंही हत्यार निघालं : हरिपूरची पेवं. जमिनीत खोल खणलेल्या या खड्ड्यांत पूर्वी हळद भरून तोंड बंद केलं की आत हवा नसे, कीड नसे आणि काळही नसे. वर्षं उलटली तरी हळद होती तशी. उघडल्यावर मात्र लगेच आत उतरायचं नाही. आधी दिवा सोडायचा. तो विझला तर माणसानं वरच थांबायचं. भाच्यानं शत्रूचे सैनिक पेवात घालून पन्नास वर्षांनी ताजेतवाने बाहेर काढायचं ठरवलं. दिव्याची अट ऐकून त्यानं त्यांना वरच ठेवलं. पोरगं मनानं चांगलं आहे.

साताऱ्याच्या बाजूनं मी नदी उतरवली. कृष्णा उगवते महाबळेश्वरला, कराडला तिला कोयना मिळते, मग ती सांगलीला येते. पावसाळ्यात सांगलीचं लक्ष आयर्विन पुलावरच्या फुटांच्या आकड्यांवर आणि बहिणीचा फोन मला : "दादा, कोयनेतनं किती सोडलंय?" आज धरणातून जे सुटतं ते सांगलीचं उद्याचं भविष्य. म्हणजे सूर्याच्या हिशेबानं सांगली पुढं, पाण्याच्या हिशेबानं सातारा. सामना बरोबरीत.

अखेर सांगलीनं पहिली तोफ डागली आणि दोन्ही आरमारं ऐंशीहून अधिक वर्षं मागं गेली. तिथं घोटाळा झाला. शत्रूच सापडेना! सांगली जिल्हा जन्मला १९४९ मध्ये, तोही 'दक्षिण सातारा' या नावानं. 'सांगली' हे नाव १९६० चं. १९४९ च्या आधी तासगाव, वाळवा, शिराळा, खानापूर सगळं सातारा जिल्ह्यात. तोफ डागणारा तासगावचा कप्तान सातारकरच निघाला. सांगली गावातले वैमानिक तेवढे पटवर्धनांच्या संस्थानात अडकले आणि कुणाला मुजरा करायचा याची चौकशी करत बसले.

खाली १९४३ सालची धामधूम. येडेमच्छिंद्रचे नाना पाटील, कुंडलचे जी. डी. बापू लाड, ही गावं आज सांगली जिल्ह्यात; पण इंग्रजांविरुद्धच्या त्यांच्या राज्याचं इतिहासात नाव 'सातारचं प्रतिसरकार'. जूनमध्ये त्याच्या तुफान सेनेनं शेणोलीजवळ सरकारी खजिन्याची रेल्वे अडवली, तीही एकाही झेपेलिनशिवाय. वरून ते पाहून दोन्ही आरमारांनी एकदमच टोप्या उडवल्या.

"मामा, हे तर एकच झालं. लढाईचं काय?"

"कोल्हापूरवर जा."

तो गेला. वारणेची हद्द आडवी आली, म्हणून ती ठरवणाऱ्या १७३१ च्या तहाच्या मागं सरकला. तिथं दोन गाद्यांची भांडणं जोरात होती, पण तोफ जरा जास्तच ओढली गेली आणि तो १७०७ च्या पलीकडं पडला. तिथं सातारा-कोल्हापूर असं काही नाहीच, एकच स्वराज्य. पुन्हा शत्रू गायब. भाचा रडकुंडीला आला. यंत्राचा दोष नव्हता. आमच्या मुलखात मागं मागं गेलं की माणसं एकमेकांची भावकी निघतात. भावकीत भांडणं होतात, पण ती बांधावरून. त्यासाठी झेपेलिन परवडत नाही.

मग त्याला व्यावसायिक सल्ला दिला. म्हटलं, "उलटा जा. पुढं गेलं की जिल्हे वाढतात, तेवढे शत्रूही वाढतात." आता त्याची कथा २१४९ मध्ये घडते. कराडचं आरमार वेगळं, माणदेशाचं वेगळं, आणि मिरजेनं सांगलीकडं महापालिकेच्या वाटणीत निम्मी झेपेलिनं मागितली आहेत. सहा प्रकरणं लिहून झाली. एवढ्यात संपेल असं वाटत नाही.