मरायचं तर दोन वर्षं आधी कळवा

सरकारी नोकरानं मरावं कसं, याचं परिपत्रक अजून निघालेलं नाही. त्यामुळे लोक मनाला येईल तसे मरतात आणि ताण आस्थापना शाखेवर येतो.

निवृत्तीचं तसं नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 नुसार तिची तयारी दोन वर्षं आधीच सुरू व्हायला हवी. आमच्या चाळीतले भाऊ मात्र एकोणतीस वर्षं शिपायाची नोकरी करून एका मंगळवारी दुपारी गेले. ना अर्ज, ना पूर्वसूचना. तेही अर्जित रजा शिल्लक असताना!

तेराव्यानंतर वहिनी कार्यालयात गेल्या. साहेब हळहळले, चहा मागवला. मग सेवापुस्तक आलं. त्यात मधल्या पाच वर्षांच्या सेवापडताळणीची नोंदच नव्हती. ती दरवर्षी कार्यालयानंच घ्यायची असते. पण ज्यांनी घ्यायची, ते केव्हाच निवृत्त झाले आणि त्यांची पेन्शन वेळेवर सुरू झाली. पुढची खोट नावात. सेवापुस्तकात ‘दत्तात्रय’, मृत्यूच्या दाखल्यात ‘दत्तात्रेय’. मेलं कोण, हा प्रश्न रास्तच म्हणायचा. एका मात्रेपायी कुटुंब निवृत्तिवेतन, उपदान, गटविमा, रजा रोखीकरण, सगळं अडलं. वहिनींनी प्रतिज्ञापत्र करून दिलं. ते आवक शाखेत हरवलं. पुन्हा करून दिलं.

मग सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे गेलं आणि आक्षेप घेऊन परत आलं: सहाव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती चुकली आहे, जादा दिलेली रक्कम वसूल करावी. म्हणजे घेणं राहिलं बाजूला, वहिनीच कार्यालयाचं देणं लागू लागल्या! आकडा चुकवला कार्यालयानं, पण भाऊंनी तो दरमहा सही करून घेतला होता ना?

‘‘तोवर तात्पुरतं कुटुंब निवृत्तिवेतन देता येतं म्हणे,’’ वहिनींनी भीतभीत विचारलं.

‘‘ताई, तुम्ही नियम वाचता?’’ साहेबांचा चेहरा पडला. इतका तर भाऊ गेले तेव्हाही पडला नव्हता.

निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयानं नकारा खटल्यात 17 डिसेंबर 1982 रोजी सांगितलं. त्या तारखेला दरवर्षी निवृत्तिवेतनधारक दिन होतो. हार, नारळ, भाषणं. कार्यालयांनी मात्र त्या निकालातलं अर्जदाराचं आडनाव तेवढं लक्षात ठेवलेलं दिसतं.

भाऊंना जाऊन चौदा महिने झाले. प्रस्ताव अजून महालेखापालांकडे पोचायचा आहे. सध्या तो ज्या टेबलावर आहे, त्या टेबलाचे साहेब प्रशिक्षणाला गेलेत.

तुम्ही सरकारी नोकरीत असाल, तर उद्याच आपलं सेवापुस्तक मागून घ्या. पडताळणीची शेवटची सही कोणत्या वर्षाची आहे ते बघा, आणि नावातल्या मात्रा मोजा.