शहाण्यांनी जाऊ नये असे गाव

समर्थांनी दासबोधाच्या दुसऱ्या दशकाची सुरुवात मूर्खाच्या लक्षणांनी केली आणि शेवट पढतमूर्खाच्या लक्षणांनी. या दोन्ही याद्यांत न बसणारे मूर्ख मेक्सिकोच्या युकातान प्रांतात राहतात. नफा कशात आहे हे त्यांना नीट कळते, तरी ते तोट्याची बाजू धरतात. जे काम यंत्र तासाभरात उरकते त्याला महिने लावतात. देवळे गेली, पोथ्या गेल्या, जमिनी गेल्या, तरी घरात बोलायची भाषा मात्र सोडत नाहीत. अशा मूर्खांचे एक गाव आहे, त्याचे नाव इसामाल. त्या गावाच्या मूर्खपणाची मनापासून स्तुती करावी, एवढ्यासाठीच हा लेख.

अमेरिकेत स्थायिक झालेली आपली मंडळी हिवाळ्यात कानकूनच्या किनाऱ्यावर जातात. तिथून किंवा मेरिदा शहरातून वाटाड्यासह एका दिवसाची सहल निघते. स्पॅनिश राजवटीतल्या जुन्या इमारती, माया या तिथल्या मूळ लोकांचा एखादा पिरॅमिड, कारागिरांची घरे आणि संध्याकाळी परत. मेरिदाहून इसामाल सत्तरेक किलोमीटर, तासाभराचा रस्ता. शहाणा प्रवासी त्याच दिवसात चिचेन इत्सा हे माया नगरही उरकतो, म्हणजे इसामालच्या वाट्याला पाऊण तास येतो. पाऊण तासात फोटो होतात, गाव होत नाही.

सहलीची सुरुवात मेरिदातून होते तेही बरेच आहे, कारण ते शहाण्यांनी वसवलेले शहर. ६ जानेवारी १५४२ रोजी फ्रान्सिस्को दे मोन्तेहो या स्पॅनिश सरदाराच्या त्याच नावाच्या मुलाने तिहो या माया नगराच्या जागी ते स्थापन केले. समोर टेकडीएवढी देवळे उभी असताना खाणीतून दगड कोण काढत बसणार? देवळे उतरवली आणि तेच दगड नव्या शहराला लावले. १५९८ साली पुऱ्या झालेल्या कॅथेड्रलच्या भिंतींत ते आजही आहेत. मुख्य चौकाच्या दक्षिणेला मोन्तेहो घराण्याचा वाडा आहे. त्याच्या दर्शनी भागावर चिलखत घातलेले दोन शिपाई कोरलेले आहेत आणि त्यांच्या पायांखाली तोंड वासून ओरडणारी मुंडकी आहेत. जिंकणाऱ्याला आपला विजय कसा दिसतो, ते या दगडात स्वच्छ वाचता येते. तिथे घाई करू नये, कारण पुढे इसामालमध्ये जे दिसणार आहे त्याची किंमत इथेच कळते.

इसामालला मठ, बाजार, घरे, सगळ्यांना एकच पिवळा रंग. मधोमध सेंट अँथनीचा फ्रान्सिस्कन मठ. त्याच्या पटांगणाभोवती कमानींची ओवरी आहे आणि व्हॅटिकनखालोखाल असे पटांगण आमचेच, असे गावकरी अभिमानाने सांगतात. पटांगणात जायला चढाच्या वाटेने वर जावे लागते. का, तर मठ जमिनीवर नाहीच. तो पाडलेल्या माया देवळाच्या प्रचंड जोत्यावर उभा आहे. भिंतीजवळ जाऊन पाहिले तर गिलावा उडालेल्या ठिकाणी भूलभुलैयासारखी नक्षी असलेला एखादा दगड दिसतो. तो ज्या भिंतीसाठी घडवला ती भिंत ही नव्हे.

मठ उभारण्यात पुढाकार होता दिएगो दे लांदा या पाद्र्याचा. अभ्यासू, कष्टाळू, माया भाषा शिकलेला, रानोमाळ पायी हिंडणारा माणूस. शहाणपणात त्याचा हात धरणारा त्या काळी युकातानमध्ये दुसरा नव्हता. या शहाण्याने १२ जुलै १५६२ रोजी मानी या गावी माया पोथ्या आणि मूर्तींची होळी केली. २७ पोथ्या जळाल्या असे सांगतात. त्याआधीच्या चौकशीत झालेल्या छळाने दीडशेहून अधिक माणसे दगावली. पोथ्या जळताना लोकांना फार दुःख झाले, हे त्याने स्वतःच नोंदवून ठेवले आहे. तारे, ग्रहणे, ऋतू, मधमाश्या, देव यांबद्दल शतकानुशतके लिहीत आलेल्या संस्कृतीच्या आज जगात चारच पोथ्या उरल्या आहेत. ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिस या शहरांत एकेक आणि चौथी मेक्सिकोत.

आता मूर्खाकडे वळू. राज्य घ्यायला आलेल्यांच्या या पाद्र्यापुढे कोणी माया लेखनिक बसला आणि आपली लिपी त्याला समजावून सांगू लागला. याहून मोठा मूर्खपणा कोणता? लांदा स्पॅनिश मुळाक्षरांची नावे उच्चारून प्रत्येकासाठी चिन्ह मागत होता. लेखनिकाच्या लिपीत मुळाक्षरे नव्हतीच, एकेका चिन्हात आपल्या बाराखडीसारखे व्यंजन-स्वर जोडलेले होते. त्याने मुकाट्याने ऐकलेल्या आवाजांची चिन्हे काढून दिली. एखादे वाक्य लिहून दाखव म्हटल्यावर त्याने जे लिहिले त्याचा अर्थ ‘मला नको’ असा होतो. तरी तो उठून गेला नाही.

लांदाने स्पेनमध्ये १५६६ च्या सुमारास युकातानवर जो ग्रंथ लिहिला त्यात ही चिन्हे गेली. मूळ ग्रंथ हरवला. त्याची संक्षिप्त प्रत १८६२ साली माद्रिदमध्ये सापडली, तेव्हा विद्वानांनी ती चिन्हे मुळाक्षरे म्हणून लावून पाहिली. काहीच जुळेना, म्हणून यादी निकामी ठरवली. शेवटी १९५२ साली लेनिनग्राडमध्ये बसलेल्या युरी क्नोरोझोव या संशोधकाने ओळखले की लेखनिक बरोबर होता, प्रश्नच चुकीचा विचारला होता. क्नोरोझोवने तोवर एकही माया नगर डोळ्यांनी पाहिले नव्हते. आज दगडावरचे माया राजांचे बहुतेक लेख वाचता येतात, ते त्या यादीतून निघालेल्या धाग्यामुळे. शहाण्याने जाळलेल्या लिपीची किल्ली शहाण्याच्याच ग्रंथात एका मूर्खाने ठेवून दिली होती.

हा इतिहास मराठी वाचकाला परका वाटायचे कारण नाही. मानीच्या होळीआधी दोनच वर्षे, १५६० साली, गोव्यात इन्क्विझिशन सुरू झाले. त्याच सुमारास कुशस्थळीच्या मंगेशाला त्याच्या भक्तांनी नदी ओलांडून पोर्तुगिजांच्या हद्दीबाहेर प्रियोळला नेले. घरदार, शेतीवाडी मागे टाकून देव उचलणारे ते लोकही हिशेबात कच्चेच म्हणायचे. आज मंगेशीला गर्दी होते ती त्यांच्यामुळे.

मठाच्या पटांगणातून उत्तरेला झाडीत एक टेकडी दिसते. ती टेकडी नव्हे, किनिच काकमो हा सूर्यदेवाचा पिरॅमिड आहे. पायथा दोनशे मीटरच्या आसपास, उंची पस्तीसेक मीटर. भर दुपारी सूर्यदेव अग्नीचा मकाव पोपट होऊन इथे उतरतो आणि नैवेद्य घेऊन जातो, अशी जुनी श्रद्धा होती. पिरॅमिडच्या अंगाला लागून घरे आहेत, परसात दोरीवर कपडे वाळत असतात. वर चढून गेल्यावर चहूकडे सपाट रान दिसते, आणि मठ त्या रानात केवढासा आहे तेही दिसते.

उतरल्यावर कारागिरांच्या घरी जावे. इथला मूर्खपणा हातात घेऊन बघता येतो. इपिल म्हणजे माया बायकांचा पांढरा सुती झगा. चौकोनी गळ्याभोवती आणि खालच्या काठावर भरतकाम. त्यातला सर्वांत कष्टाचा प्रकार दोरे मोजून भरायचा, आपल्या क्रॉस स्टिचसारखा. बाई कापड डोळ्यांजवळ धरते, सुईच्या टोकाने ताण्याबाण्याचे धागे मोजते, दोन सोडते, एक टाका घालते, पुन्हा मोजते. कापडावर नक्षी छापलेली नसते. पाकळी कुठे वळायची ते डोक्यात असते. एक धागा चुकला तर पुढची सगळी ओळ तिरकी जाते, आणि मग ती तोंडातून शब्द न काढता ओळ उसवते. गळा आणि काठ असे भरायचे तर कित्येक महिने जातात. कापड उलटे करून पाहावे. मागची बाजू कोणी बघणार नाही हे तिला ठाऊक असते, तरी तिथे गाठींचा गुंता नसतो.

दुसऱ्या घरी कोकोयोल नावाच्या माडाच्या बिया असतात, सुपारीपेक्षा कितीतरी कठीण. कारागीर बी कापतो, आत भोक पाडतो, आणि आधी जाड मग बारीक काचकागदाने घासत बसतो. घासता घासता करडी बी काळी कुळकुळीत होते आणि तिच्यावर रोगणाशिवाय चमक येते. एवढ्या खटाटोपातून एक अंगठी निघते.

शहाणे गिऱ्हाईक इथे घासाघीस करते. सांगितलेल्या किमतीच्या निम्म्यावर सुरुवात करायची हे आपल्याला घरातूनच शिकवलेले असते. किंमत उतरली नाही तर ते रस्त्यावरच्या दुकानात जाते आणि साच्यातून काढलेले ‘माया कॅलेंडर’ स्वस्तात घेते. त्या कॅलेंडरच्या मधोमध जीभ बाहेर काढलेला चेहरा असतो. मूळ शिळा मेक्सिको सिटीच्या संग्रहालयात आहे आणि ती मायांची नाहीच, अ‍ॅझ्टेकांची आहे. भाषा वेगळी, राज्य वेगळे, अंतर हजारभर किलोमीटरचे. पैसे वाचवायच्या नादात आपण दुसऱ्याच लोकांचे दैवत घरी आणतो, आणि जिने महिनोन् महिने धागे मोजले तिच्या हातावर काहीच पडत नाही.

शेतीतही हाच न्याय. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी अमेरिकेतल्या कापणी यंत्रांना पेंढ्या बांधायला सुतळी हवी होती. ती हेनेकेन या घायपाताच्या जातभाईपासून निघते. युकातानच्या जमीनदारांनी मैलोन् मैल तेच एक पीक लावले, माया मजुरांना कर्जात अडकवून मळ्यांवर राबवले आणि मेरिदात महाल उठवले. पुढे इतर देशांत तंतूची लागवड झाली, कृत्रिम धागा आला, आणि सारा डोलारा कोसळला. त्याच काळात रानात काही मूर्ख मका, घेवडा आणि भोपळा एकाच तुकड्यात लावत होते. घेवडा मक्यावर चढतो आणि जमिनीला नत्र देतो, भोपळ्याची पाने तण दाबतात. या शेतीने कोणाचा महाल झाला नाही, पण ती आजही चालू आहे आणि तिच्यावर घरे जेवतात.

आणि मधमाशी. युकातानची मूळची माशी, शुनान काब, नांगी मारत नाही. पोकळ ओंडक्यात पोळे करते आणि वर्षाला जेमतेम लिटर-दोन लिटर मध देते. युरोपातून आणलेल्या माशीचे पोळे त्याच्या कितीतरी पट देते. तरी काही घरांनी परसातले ओंडके ठेवले. माद्रिदच्या पोथीत या मधमाश्यांची पानेच्या पाने आहेत. पोथी युरोपात गेली, विद्या ओंडक्यांपाशी राहिली.

सर्वांत मोठा मूर्खपणा भाषेचा. स्पॅनिश येत असताना घरात माया बोलून नोकरी मिळत नाही, उलट शाळेत हेटाळणीच वाट्याला येते. तरी २०२० च्या जनगणनेत मेक्सिकोत युकातानी माया बोलणारे पावणेआठ लाखांच्या आसपास निघाले. जाळायला गेलेल्यांना पोथ्या सापडल्या, मूर्ती सापडल्या. आजीच्या तोंडचे बोलणे कोणाला जप्त करता आले नाही.

म्हणून सांगतो, कानकूनपर्यंत जाणार असाल तर एक दिवस पुरा इसामालला द्या. चिचेन इत्सा दुसऱ्या दिवशी पाहा. वाटाड्या त्याच गावातला आणि माया बोलणारा घ्या. कारागिराने सांगितलेली किंमत द्या, त्याचे नाव विचारा आणि ती वस्तू घरी कोणाला दाखवाल तेव्हा त्या नावासकट दाखवा. बरोबरची मंडळी तुम्हाला खुळ्यात काढतील, खुशाल काढू द्या. मेरिदाच्या चौकापासून इसामालच्या परसांपर्यंत शहाण्यांनी जे जे मिळवले त्यातले बहुतेक लयाला गेले, आणि आज तिथे जीव लावून पाहावे असे जे काही आहे ते मूर्खांनी राखले म्हणून आहे.