काळाला टाइमप्लीज

बंदुकीची गोळी नाकासमोर हवेत थबकलेली, खलनायकाने आ वासलेला, आणि आपला नायक त्याच्याच खिशातली किल्ली काढून शीळ घालत पसार! ही विद्या मला अजूनही हवी आहे. हातखंब्याकडून आलेली एस.टी. पालीच्या स्टँडात शिरते तेव्हा माझ्या हातातला चहा नेमका जीभ भाजेल इतका गरम असतो. अशा वेळी अख्ख्या स्टँडाला 'स्टॅच्यू' म्हणायचं, चहा फुंकून प्यायचा, खिडकीची जागा धरायची आणि मग सावकाश 'ओव्हर'.

पण एच. जी. वेल्स या गृहस्थाने 1901 मध्येच यात पाचर मारून ठेवली. त्याच्या 'द न्यू ॲक्सिलरेटर' या गोष्टीत दोघे जण एक औषध पितात आणि त्यांच्यापुरतं जग गोठतं. मात्र हे इतक्या वेगाने चालतात की हवेच्या घर्षणाने पँट करपायला लागते. म्हणजे खिडकी मिळाली, पण टेकायची पंचाईत!

भाचा मोबाइलवरून डोकं वर काढून सांगतो, 'सुपरहॉट' म्हणून गेम आहे, 2016 चा. आपण हललो तरच त्यात काळ पुढे सरकतो. त्याला केवढं अप्रूप! सोलकढी-भात झाल्यावर पालीच्या पडव्यांमधून पिढ्यान्‌पिढ्या हेच चाललंय; तिकीट लावायचं कुणाला सुचलं नाही, इतकंच.

माझं मत विचाराल तर 'टाइमप्लीज'ला तोड नाही. विषामृत खेळताना मूठ ओठांना लावून तेवढं म्हटलं की राज्य असलेला भिडू हातभर अंतरावरही थांबायचा. शिवाय थांबवणाऱ्यानेही पळायचं नाही, हा कायदा. नायक लोक इथेच लबाडी करतात. अर्थात लबाड आमच्यातही होते. एकाला पकडला जायची वेळ आली की हटकून काटा रुतायचा. दाखव म्हटलं, की "आत गेला!" त्याला तरी काय बोलणार? खुद्द श्रीकृष्णाने सूर्य झाकला, आजचा खेळ संपला समजून जयद्रथ बाहेर आला, आणि पुढचं तुम्हाला ठाऊकच आहे.

आमच्या मुंबई-गोवा महामार्गाच्या चौपदरीकरणाचं काम 2011 मध्ये सुरू झालं. वाटेत कुणीतरी टाइमप्लीज घेतली, ती सोडायचं राहूनच गेलं. तेव्हा शिमग्याला मुंबईहून पालीला येणार असाल, तर निघाल्याची वेळ तेवढी कळवा. पोहोचण्याची आम्ही विचारत नाही.