जुन्नरमार्गे जग

प्रत्येक तालुक्याच्या गावी एक तरी गृहस्थ असा असतो, ज्याच्या मते जगाचा इतिहास आपल्याच वेशीवरून गेला. जुन्नरला हे खातं भूगोलाच्या एका निवृत्त गुरुजींकडे आहे.

वास्को द गामाचं नाव काढलंत की ते चहाची बशी खाली ठेवतात. "१४९८ ना? उशिरा आला. त्याच्या पाव शतक आधी निकितीन इथं पावसाळा काढून गेला!"

हे मात्र खरं आहे. अफनासी निकितीन हा त्व्हेरचा रशियन व्यापारी. होर्मुझहून गलबतात घोडा चढवून तो चौलला उतरला आणि पालीमार्गे तीन आठवड्यांहून जास्त वाट तुडवत जुन्नरला पोचला. इथल्या खानाने घोडा जप्त केला: धर्म बदल, घोडाही घे नि वर हजार मोहराही! शेवटी खुरासानच्या एका मुहम्मदाने रदबदली केली आणि घोडा सुटला. गुरुजी हे सांगतात तेव्हा वाटतं, पंचनामा यांनीच लिहिला असावा. तीन आठवड्यांना कुणी हसलं, तर म्हणतात, "पावसाळ्यात रविवारी माळशेजला जाऊन या, मग हसा."

प्राचीन भूगोलकार टॉलेमीवर मात्र त्यांचा राग नाही. त्याच्या आकड्यांवरून १४७७ साली बोलोन्यात नकाशे छापले, त्यांत भारताचं दक्षिण टोक गायब आणि लंका फुगलेली. "घाट चढून वर आला नाही, कसं कळणार बिचाऱ्याला?" एवढ्यावर ते त्याला सोडतात.

खरी लढाई 'तगर'वरून. पहिल्या शतकातल्या ग्रीक खलाशाच्या टिपणात ही बाजारपेठ आहे. तगर म्हणजे धाराशिवकडचं तेर, हे आता बहुतेकांना मान्य. पण भगवानलाल इंद्रजींनी कधीकाळी जुन्नरचं नाव सुचवलं होतं, ते गुरुजींनी घट्ट धरून ठेवलंय. टिपणात तगर पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांवर आहे आणि जुन्नर तर पश्चिमेला, असं म्हटलं की उत्तर तयार: "समुद्रावरच्या माणसाला जमिनीवरची पूर्व काय कळते?"

घोडेगावच्या एकाने एकदा विचारलं, "आमच्या आंबेगावात कोण आलं होतं?"

"तुमचं जुनं आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्यात. पुरावा हवा तर पाणबुड्या आणा."

तेव्हा जुन्नर एसटी स्टँडवर कुणी "नाणेघाट पाहिला का?" असं विचारलं, तर हो म्हणण्याआधी परतीच्या शेवटच्या गाडीची वेळ तेवढी विचारून ठेवा.