भिंतवेडे नाना

अमेरिकेतल्या प्रत्येक मराठी मंडळात एक नाना असतात. आमचे नाना न्यू जर्सीत, एडिसनला असतात. पुण्याहून इंजिनिअर होऊन आले, पुलांच्या डिझाइनमध्ये हयात घालवली आणि निवृत्त झाले. निवृत्तीनंतर इकडची काका मंडळी गोल्फ, गीता किंवा परसातली मेथी यांपैकी कशाच्या तरी नादी लागतात. नाना आयर्लंडच्या नादी लागले.

निमित्त झालं मुलीच्या बाळंतपणाचं. ती नोकरीला डब्लिनला. काकू तिथे डिंकाचे लाडू वळत होत्या, तेवढ्यात नाना ग्लेंडालोचा गोल मनोरा बघून आले. घरात पाऊल टाकताच म्हणाले, "तीस मीटर उंच! हजारेक वर्षं उभा आहे! आणि दार कुठंय माहितेय? जमिनीपासून साडेतीन मीटर वर! शिडी लावून चढायचं आणि शिडी वर ओढून घ्यायची, असं म्हणतात."

"म्हणजे पाहुणे येऊ नयेत म्हणून," काकू म्हणाल्या. "शहाणी माणसं."

एडिसनला परतल्यावर नानांना अमेरिकेतली प्रत्येक जुनी इमारत आयरिश दिसू लागली. त्यांच्या कोटाच्या खिशात कायम एक ओळंबा असतो. भिंत दिसली की आधी बोटाच्या पेराने टकटक, मग तळहात फिरवणं, मग एक डोळा मिटून ओळंबा. न्यू यॉर्कचे रखवालदार अशा माणसाकडे ज्या नजरेने बघतात, ती नजर नानांना रसिकतेची वाटते.

उन्हाळ्यात भारतातून पाहुणे आले की आम्ही सगळे नानांच्या तावडीत सापडतो. वॉशिंग्टनला व्हाइट हाऊसच्या कुंपणापाशी लोक फोटो काढत असतात आणि नाना तोंडी परीक्षा घेत असतात.

"हे घर कुणी बांधलं?"

"वॉशिंग्टनने?" कुणीतरी घाबरत म्हणतं.

"जेम्स होबन! किल्केनीच्या खेड्यातला सुतार! 1792 च्या स्पर्धेत पहिला आला. नमुना कुठला घेतला? डब्लिनचं लेन्स्टर हाऊस. आज तिथे आयर्लंडची संसद भरते. 1814 साली इंग्रजांनी हे घर जाळलं, तेव्हा पुन्हा उभं करायला कोण? होबनच! एकच काम एकाच माणसाला दोनदा, आणि चौकशी समिती नाही!"

दगड काढायला नि लाकूड कापायला गुलाम माणसं राबली, आणि त्यातले काही सुतार खुद्द होबनच्या मालकीचे होते, हेही नाना सांगतात. पण हे सांगताना त्यांचा आवाज खाली येतो आणि ओळंबा खिशात जातो.

न्यू यॉर्कला फिफ्थ अ‍ॅव्हेन्यूवरच्या सेंट पॅट्रिक्स कॅथीड्रलसमोर त्यांचा आवाज पुन्हा चढतो. आर्चबिशप जॉन ह्यूज हा टायरोन परगण्यातून आलेला. अमेरिकेत आधी माळीकाम केलं, मग पाद्री झाला. 1858 साली त्याने पायाभरणी केली तेव्हा ही जागा गावाबाहेर होती. लोक या कामाला 'ह्यूजचा खुळेपणा' म्हणत. मध्ये यादवी युद्ध झालं, काम थांबलं, ह्यूज वारला. देऊळ उघडलं 1879 साली आणि कळस चढले 1888 साली.

"तीस वर्षं!" नाना अभिमानाने म्हणतात. उशीर दुसऱ्याच्या बांधकामाला झाला की त्याला इतिहास म्हणतात.

एकदा आमच्या भाच्याने फोनवर शोधून सांगितलं, "नाना, आर्किटेक्ट जेम्स रेनविक होता. न्यू यॉर्कचाच. आयरिश नव्हता."

"आर्किटेक्ट कुणी का असेना! पैसे कुणाचे? बड्या लोकांनी हजार-हजार डॉलर दिले, ते दिलेच. पण धुणीभांडी करणाऱ्या आयरिश पोरींनी आणि हमालांनी पै-पैसा घातला. देऊळ वर्गणी देणाऱ्याचं असतं." गणेशोत्सवाची पावती फाडलेल्या कुठल्याही माणसाला हे पटावं. भाचा गप्प बसला. मग त्याच दमात नानांनी शिकागोचा लुई सलिव्हन बापाकडून आणि फोर्ड फाउंडेशनची इमारत उभारणारा केव्हिन रोश डब्लिनच्या जन्मदाखल्यावर खात्यात जमा करून घेतले.

पण नानांची खरी पंढरी म्हणजे बॅटरी पार्क सिटीतलं आयरिश दुष्काळाचं स्मारक. 2002 साली ते उघडलं. ब्रायन टोल या शिल्पकाराने मेयो परगण्यातल्या कॅराडूगनहून एकोणिसाव्या शतकातलं एक खरं शेतकऱ्याचं घर दगड-दगड सुटं करून आणलं आणि मॅनहॅटनमध्ये पुन्हा रचलं. भोवती अर्ध्या एकराचा उतार, त्यावर तिकडचीच झाडंझुडपं, आणि आयर्लंडच्या बत्तीसच्या बत्तीस परगण्यांतला एकेक दगड.

रत्नागिरीहून आलेल्या आमच्या मावशींना स्वातंत्र्यदेवता बघायची होती. नानांनी त्यांना या पडक्या घरात आणून उभं केलं.

मावशींनी चहूकडे बघितलं. "छप्पर कुठंय?"

"नाहीच! मुद्दाम नाही ठेवलं. 1847 चा कायदा, मावशी. पाव एकरापेक्षा जास्त जमीन कसत असलात तर सरकारी मदत नाही. जमीन सोडा, मग पोटाला घ्या. खंड थकला की जमीनदार घराबाहेर काढायचा आणि माणसं परत शिरू नयेत म्हणून छप्पर उतरवायचा. त्या दुष्काळात दहा लाख माणसं मेली. त्याहून जास्त देश सोडून गेली."

मावशी क्षणभर काही बोलल्या नाहीत. मग त्यांनी भिंतीवर हात ठेवला. "दगड चांगला बसवलाय हो. आमच्या जुन्या गोठ्याचं जोतं अगदी असंच." नानांच्या डोळ्यांत पाणी आलं. आजवरच्या पाहुण्यांत भिंतीला हात लावणारी ही पहिलीच. उताराच्या टोकाला गेल्यावर हडसन नदीपलीकडे लांबवर स्वातंत्र्यदेवताही दिसली, तेव्हा मावशींचंही समाधान झालं.

संध्याकाळी नानांकडे पिठलं-भात होता. मावशींनी सहज विचारलं, "नाना, तुमचं मूळ घर कुठलं?"

"वाईचं. घाटाजवळ वाडा होता. दोन चौकी. सागवानी तुळया, भिंतीत कोनाडे, दिंडीदरवाजा."

"होता म्हणजे?"

उत्तर काकूंनी दिलं. "बिल्डरला दिला. हे सगळ्यात थोरले, यांचीच सही पहिली. कुलमुखत्यारपत्र करायला न्यू यॉर्कच्या वकिलातीत इतक्या घाईने गेले की पायात दोन रंगांचे मोजे होते. आता तिथे पाच मजली इमारत आहे. तिसऱ्या मजल्यावर आमचा टू बीएचके. भाड्याने दिलाय."

"आणि दगड?" मावशींनी विचारलं.

"दगड बिल्डरने नेले," नाना म्हणाले. "भरावाला."

भाच्याला राहवलं नाही. "नाना, 1948 साली व्हाइट हाऊस मोडकळीला आलं होतं ना? ट्रुमनच्या मुलीच्या पियानोचा पाय जमिनीतून खाली गेला. तरी त्यांनी बाहेरच्या भिंती ठेवल्या आणि आतून पोलादी सांगाडा घातला. तुम्हाला नसतं जमलं? तुम्ही तर इंजिनिअर."

नानांनी ताट बाजूला सारलं. "ट्रुमनला काय जातंय? तीन वर्षांहून जास्त समोरच्या ब्लेअर हाऊसमध्ये जाऊन राहिला, खर्च सरकारचा! चुलत-चुलत मिळून सतरा वारस होते त्याला? पन्नास वर्षांचे भाडेकरू होते? दर पावसाळ्यात कौलं कुणी चाळायची यावरून भावाभावांत अबोला होता? अरे, ट्रुमन स्वतःच भाडेकरू! भाडेकरूला जुनं घर सुंदरच दिसतं. एकदा घरमालक होऊन बघ म्हणावं!"