नंतर बघू

सापा गावाच्या डोंगरात मे महिन्याच्या अखेरीला चिखलाला तोटा नसतो. उत्तर व्हिएतनामचा हा कोपरा थंडीचा, त्यामुळे भाताचं पीक वर्षातून एकदाच निघतं. मे-जूनमध्ये लावणी, सप्टेंबरात कापणी. जाहिरातींत दिसणारे ते पिवळेधमक, पायऱ्यापायऱ्यांचे डोंगर सप्टेंबरातले. आम्ही गेलो मे महिन्यात, कारण मराठी माणसाचं जगप्रवासाचं पंचांग मुलांच्या शाळा काढतात. त्यामुळे आमच्या वाट्याला आली पाण्यानं भरलेली खाचरं, त्यांत चिखलणी करणारी म्हैस आणि त्या म्हशीला वाट देता देता बांधावरून खाली जाणारे आमचे दाजी.

दाजी म्हणजे ताईचे यजमान. साताऱ्याचे. सह्याद्रीतला एकही गड त्यांनी सोडलेला नाही आणि एकाही गडाची हकिगत आम्हाला सांगायची सोडलेली नाही. "नळीच्या वाटेनं हरिश्चंद्रगड चढलेल्या माणसाला भाताची शेतं बघायला गाईड?" हा सवाल त्यांनी मुंबईत टाकला, विमानात टाकला आणि हनोईतही टाकला. गाईडचे पैसे पॅकेजमध्ये आधीच धरले आहेत असं कळलं तेव्हा तो बंद झाला. भरून झालेल्या पैशांपुढे भल्याभल्यांचा स्वाभिमान नमतो.

शेतीतलं कळणारं माणूस आमच्यात एकच, आत्या. लग्नाआधी आमच्या राजापूरकडच्या घरी तिनं इरलं पांघरून, पोटरीभर चिखलात लावण्या केलेल्या. पण तज्ज्ञ म्हणून तिला कोणी आणलं नव्हतं. तिला एकटीला घरी कसं ठेवायचं, म्हणून आणलं होतं.

हनोईहून लाओ कायपर्यंत २०१४ साली २४५ किलोमीटरचा द्रुतगती मार्ग झाला. पुढे सापापर्यंत घाट. रात्रीच्या बसला बाकं नसतात, दोन मजली बर्थ असतात. दारातच बूट काढायचे, प्लास्टिकच्या पिशवीत घालायचे आणि ती पिशवी उराशी धरून आपल्या बर्थमध्ये शिरायचं. पाय घालायला एक खोका असतो, तो पुढच्या प्रवाशाच्या पाठीखाली जातो. खोका व्हिएतनामी मापाचा आणि दाजी सहा फुटी, म्हणून दाजींचे गुडघे रात्रभर दाजींच्याच हनुवटीशी होते. आमच्या वाटेवर लाओ चाय नावाचं गाव लागणार होतं. त्यावरचा विनोद बस हनोईच्या बाहेर पडायच्या आत सगळ्यांचा करून झाला होता.

सापा साधारण दीड हजार मीटरवर. कळसूबाई १६४६ मीटर. म्हणजे आपल्याकडे ज्या उंचीवर शिड्या चढून धापा टाकत देवीच्या पायाशी पोचायचं, जवळपास त्याच उंचीवर इथे टॅक्सीवाल्यापासून केकवाल्यापर्यंत सगळी बाजारपेठ. उन्हाळा चुकवायला इंग्रजांनी महाबळेश्वर गाठलं, तसं फ्रेंचांनी हे गाठलं. वर फान्सिपान. त्याची उंची वर्षानुवर्षं ३१४३ मीटर छापली जायची. २०१९ साली पुन्हा मोजला तर ३१४७ भरला. २०१६ पासून तिथे केबल कार जाते. "ही फसवणूक आहे," दाजी म्हणाले, आणि दुसऱ्या दिवशीच्या तिकिटांची चौकशी करून आले.

सकाळी हॉटेलच्या दारात आमची वाटाडी उभी होती. पंचविशीची, पायांत गमबूट, पाठीवर वेताची टोपली, कमरपट्ट्यात मोबाइल. ही काळ्या ह्मोंगांतली. काळे म्हणजे कपड्यांवरून: नीळ इतक्या वेळा चढवतात की निळा रंग काळ्यावर जातो. अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत दक्षिण चीनमधून डोंगरांमागून डोंगर ओलांडत हे लोक इकडे आले. सपाटीवरची शेतं आधीच दुसऱ्यांनी धरलेली, म्हणून हे उतारावर चढले आणि उतारालाच पायऱ्या पाडल्या. २०१९ च्या जनगणनेत व्हिएतनाममध्ये ते जवळजवळ चौदा लाख भरले.

तिनं आमच्या तोंडांकडे नंतर पाहिलं, आधी पायांकडे.

"बूट भाड्यानं घे," ती दाजींना म्हणाली. इंग्रजी फर्डं, सगळं पर्यटकांकडून उचललेलं. त्यात एका वाक्याला ऑस्ट्रेलिया आणि पुढच्याला फ्रान्स ऐकू यायचा.

दाजींनी आपले बूट तिला चहूबाजूंनी दाखवले. पाणी आत येत नाही, तळाला खास रबर, पुण्यातल्या दुकानदारानं हिमालयाची हमी दिलेली. तिनं शांतपणे ऐकून घेतलं. "हिमालयात भात लावतात?" तिनं विचारलं. आत्या तेवढ्यात गमबूट चढवून तयार होती.

निघालो तेव्हा आम्ही पाच होतो. गावाबाहेरच्या पहिल्या वळणावर आठ झालो. तीन ह्मोंग बायका, पाठीवर टोपल्या, टोपल्यांत छत्र्या, पायांत साध्या प्लास्टिकच्या चपला, कानांत मनगटाएवढ्या चांदीच्या कड्या. त्यांना कोणी बोलावलं नव्हतं. त्या नुसत्या आमच्या बाजूनं चालू लागल्या आणि चौकशीला सुरुवात झाली. नाव काय? कुठून आलीस? वय किती? मुलं किती? एकच? का? आमच्या बायकोला कोकणकन्येच्या डब्यात बसल्यासारखं वाटलं, आणि तिनं त्याच क्रमानं उलट प्रश्न विचारून टाकले.

दाजींच्या वाट्याला आलेली बाई सुरकुतलेली, बुटकी आणि हसरी. आम्ही तिला लगेच आजी म्हणू लागलो. वयाची देवघेव झाल्यावर कळलं की ती दाजींपेक्षा दोन वर्षांनी लहान आहे. त्यानंतर दाजींनी तिला आजी म्हणायचं सोडलं. आम्ही चालू ठेवलं.

"माझ्याकडून पिशवी घेशील?" आजीनं विचारलं.

"नंतर बघू," दाजी म्हणाले.

आता मराठी माणूस 'नंतर बघू' म्हणाला की विषय संपतो. लग्नाची स्थळं, सोसायटीची रंगरंगोटी, मित्राला द्यायचे उसने पैसे, सगळं आपण या दोन शब्दांत सुखरूप बुडवत आलो आहोत. दाजींनी त्याचं इंग्रजी करून सांगितलं. आजीनं मान डोलावली, बोटानं आधी दाजींकडे आणि मग स्वतःकडे दाखवलं आणि बाकी दोघींना काहीतरी सांगितलं. वाटाडी हसली. व्यवहार नोंदला गेला होता, हे आमच्यातल्या कोणालाच कळलं नाही.

ई लिन हो गावाकडे उतरताना मुओंग होआचं खोरं उघडतं. मी त्याचं वर्णन करणार नाही. फोटो सगळ्यांनी पाहिलेत आणि खरं खोरं फोटोहून मोठं आहे एवढंच माझं म्हणणं. त्याच्या आतलं गणित मात्र फोटोत दिसत नाही, ते आत्यानं दाखवलं. ती एका बांधावर उकिडवी बसली. प्रत्येक खाचराच्या बांधाला एक वीतभर खाच पाडलेली होती. वरच्या खाचरात पाणी ठरलेल्या पातळीला आलं की खाचेतून खालच्यात उतरतं, तिथून त्याच्या खालच्यात, असं करत पार ओढ्यापर्यंत. पंप नाही, मोटार नाही. वरच्यानं खाच बुजवली तर खालचे पन्नास जण कोरडे.

"भांडणं होत असतील की हो," आत्या म्हणाली. मी वाटाडीला विचारलं. "होतात," ती म्हणाली, "रात्री येऊन खाच कोण बुजवतं ते सगळ्यांना माहीत असतं." आत्याच्या चेहऱ्यावर कमालीचं समाधान पसरलं. आमच्या राजापूरच्या घरचा पाण्यावरून चालू असलेला वाद तिसऱ्या पिढीत आहे.

पुढे एका खाचरात चार बायका वाकून लावणी करत होत्या. डाव्या हातात रोपांची जुडी, उजव्या हाताच्या अंगठ्यानं दोन-तीन काड्या सुट्या करायच्या, चिखलात रोवायच्या आणि एक पाऊल मागे. आत्या बघत राहिली आणि मग मराठीतच म्हणाली, "पातळ लावताय गो, जरा दाट लावा." त्यातल्या एकीनं मान वर केली, आत्याच्या गमबुटांकडे पाहिलं आणि एक जुडी तिच्याकडे भिरकावली. पुढची पंधरा मिनिटं आमचा ट्रेक थांबला. आत्या गुडघे वाकवून मागे मागे सरकत लावत होती आणि बांधावरून ताई "आत्या, कंबर!" असं ओरडत होती. त्या बायकांनी आत्याची ओळ उपटून पुन्हा लावली नाही. याहून मोठं प्रशस्तिपत्र शेतकरी देत नाही.

दाजींचं इकडे वेगळं चाललं होतं. हिमालयाच्या हमीचे बूट चिखलात शिरत होते व्यवस्थित, निघत नव्हते. बांध एक फूट रुंद, एका बाजूला पाणी, दुसऱ्या बाजूला डोकंभर खाली पुढचं पाणी. समोरून म्हैस आली. ती रोजची, तिला वाट सोडायची सवय नाही. दाजी सौजन्यानं बाजूला झाले, आणि बाजूला बाजू नव्हती. पोटरीपर्यंत रुतलेल्या दाजींना आजीनं एका हातानं वर ओढलं. कशी, ते मला अजून कळलेलं नाही. तिचं डोकं दाजींच्या खिशाशी येत होतं. तिथून पुढे तिनं दाजींचा हात सोडला नाही. कुठे पाय ठेवायचा ते ती आधी स्वतः ठेवून दाखवायची, आणि दाजी, ज्यांनी घरी कधी कोणाचं ऐकलेलं नाही, तिथेच पाय ठेवायचे. चालता चालता मोकळ्या हातानं तिनं नेच्याच्या पानाचा घोडा विणून त्यांच्या बॅगेला खोवला.

तिची बोटं नखांपर्यंत निळी होती. ही नीळ त्यांच्या परसातच होते. लाओ चायला वाटाडीनं झाड दाखवलं तेव्हा पानं ओळखीची वाटली. नंतर पाहिलं, तर ते निघालं स्ट्रोबिलॅन्थस, आपल्या कारवीच्याच गोतातलं. सात वर्षांनी फुलणाऱ्या कारवीचे आपण फोटो काढतो आणि कोकणात तिच्या काठ्यांचे कूड घालत आलो. तिच्या या चुलतबहिणीची पानं कुजवून, चुना घालून हे लोक रंग काढतात. कापड बुडवायचं, वाळवायचं, पुन्हा बुडवायचं, असं कित्येक आठवडे. एका अंगणात बाई चक्क दगडावर उभी राहून डुलत होती. दगडाखाली लाकडाचा ओंडका, त्यावर मेण लावलेलं कापड. ती डुलेल तसं कापड चकाकत जातं. आमच्या बायकोनं त्यावर उभं राहून बघितलं आणि दुसऱ्या क्षणी ती ताईच्या मिठीत होती.

लाओ चायला जेवण. भात, लसूण घातलेली पालेभाजी, टोफू, तळलेले रोल. आत्याचा गुरुवार. तिनं उपासाचे शेंगदाण्याचे लाडू काढले आणि तिन्ही बायकांना एकेक दिला. आजीनं अर्धा खाल्ला, अर्धा पदरासारख्या फडक्यात बांधून ठेवला. आत्या म्हणाली, "घरी नातवंड असेल." होतं.

आणि ताटं उचलली गेल्याबरोबर टोपल्या उघडल्या. पिशव्या, बांगड्या, गळपट्टे, उशांचे अभ्रे. आजीनं दाजींसमोर सगळं मांडलं.

"तू म्हणालास, नंतर," ती म्हणाली. "आता नंतर."

सापात जागोजागी पाट्या आहेत की मुलांकडून वस्तू विकत घेऊ नका, त्यांची शाळा बुडते. ते मला पटतं. पण या बायकांच्या नावानं जे पर्यटक बोटं मोडतात, पिच्छा सोडत नाहीत म्हणतात, त्यांचं मला पटत नाही. चार तास हात धरून डोंगर उतरवायचा, म्हशीपासून वाचवायचं, घोडा करून द्यायचा, आणि तोपर्यंत एक पैसा मागायचा नाही. एवढी उधारी आपल्याकडे वाणीही देत नाही. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला परदेशी पाहुणे इथे येऊ लागले तेव्हापासून या बायका आपल्याला निरखतायत. आपण त्यांचे टिपून घेतो कपडे, त्या आपली टिपून घेतात कमजोरी, आणि त्यांचा अभ्यास आपल्यापेक्षा पुष्कळ पुढे गेलेला आहे.

दाजींनी भाव विचारला. गळपट्टा आणि पिशवी मिळून चार लाख डोंग.

"चार लाख!" दाजी सवयीनं किंचाळले. ताईनं हिशेब करून रुपये सांगितले, तेव्हा जरा श्वास बसला. पण साताऱ्याचा माणूस घासाघीस केल्याशिवाय उठत नाही. दाजी दोनवर गेले. आजी हसली. दाजी अडीचवर आले. आजीनं काही न बोलता आपल्या चपलेचा तुटलेला अंगठा दाखवला. तो सकाळी त्यांना चिखलातून ओढताना तुटला होता. दाजींनी चार लाख मोजले. हो चि मिन्ह प्रत्येक नोटेवरून शांतपणे बघत होते.

"जावईबापू, निदान घोडा तरी फुकट आला," आत्या म्हणाली.

ता वानपर्यंत पुढचा रस्ता सोपा. तिथे गिये लोकांची घरं आणि आमची गाडी. पाऊस आला तसा दाजींनी नवा गळपट्टा गळ्याभोवती दोन वेढे देऊन बांधला, ऐटीत. आजीनं खूण करून काहीतरी सांगितलं. वाटाडी म्हणाली, "ती म्हणते आधी मिठाच्या पाण्यात भिजव." दाजी म्हणाले, "नंतर बघू."

रात्री हॉटेलात त्यांनी तो सोडला तेव्हा त्यांची मान, कॉलर आणि दोन्ही कानांच्या पाळ्या निळ्या होत्या. साबण झाला, लिंबू झालं, आत्यानं खोबरेल चोळलं. रंग पक्का. केबल कारच्या रांगेत पोरं दाजींबरोबर फोटो काढून घेत होती. हनोईच्या विमानतळावर पासपोर्ट तपासणाऱ्यानं आधी फोटोकडे पाहिलं, मग दाजींच्या मानेकडे, आणि पहिल्यांदाच त्याच्या तोंडावर हसू आलं. "सापा?" त्यानं विचारलं आणि शिक्का मारला.