एकिनेशियाला आग्रह करू नये
(कोल्हापूर शहर व उपनगरांतील समस्त कुंडीधारकांसाठी)

एकिनेशिया हे मूळचे उत्तर अमेरिकेच्या माळरानांवरचे झाड. सूर्यफूल, झेंडू आणि मसाई पठारावरची सोनकी ही त्याची भावकी. खाली झुकलेल्या जांभळट-गुलाबी पाकळ्या आणि मधोमध नारिंगी, काटेरी शंकू. आपल्याकडे त्याची ओळख असलीच तर होमिओपॅथीच्या बाटलीवरून. हे झाड थंडी सोसते, ऊन सोसते, मुळे धरल्यावर पाण्याचा ताणही सोसते. त्याला सोसत नाही ती एकच गोष्ट : पाहुणचार. सबब खालील कलमे काटेकोर पाळावीत.

कलम १ : बी. पेरण्याआधी थंडी मिळाली तर बी चांगले उगवते. त्याच्या गावी ही सोय हिवाळा करतो. आपला हिवाळा कपाटातून स्वेटर काढेपर्यंत संपतो, म्हणून बी ओलसर वाळूत मिसळून, डबीत घालून सुमारे ४ आठवडे फ्रिजमध्ये ठेवावे. डबीवर नाव ठळक लिहावे. रविवारी मटणाच्या पातेल्याला जागा करताना बेवारस डब्या थेट कचऱ्यात जातात. पेरल्यावर दोन-तीन आठवड्यांत अंकुर दिसतात. तोवर माती उकरून चौकशी करू नये.

कलम २ : माती. जिल्ह्यात पश्चिमेला तांबडी, पूर्वेला काळी. काळी माती पाणी धरून ठेवते. ते उसाला मानवते, एकिनेशियाला नाही. शिरोळकडचे मेहुणे "आमच्या रानातली माती हाय, कायबी लावा" म्हणत पोते आणून टाकतील. ते आनंदाने घ्यावे आणि त्यात दुसरे काहीही लावावे. एकिनेशियाच्या कुंडीत तांबडी माती, जाड वाळू आणि थोडेसे कुजलेले शेणखत पुरे. खताचा मारा केला की पाने माजतात, दांडे लोळतात आणि फुले रुसतात. कुंडीच्या बुडाला भोक आहे आणि ते उघडे आहे, याची जातीने खात्री करावी.

कलम ३ : ऊन. रोज किमान ६ तास. एप्रिल-मे महिन्यांत गच्चीवरच्या जागेवर चटणीच्या मिरच्यांचा दावा असतो. या खटल्यात अपील करू नये; कुंडी कठड्याकडेला सरकवावी.

कलम ४ : पाणी. बोट दोन पेरे मातीत खुपसावे. ओल लागली तर मागे फिरावे. कोरडे लागले तर भोकातून पाणी येईपर्यंत बुडाशी पाणी घालावे आणि मग पुन्हा माती सुकेपर्यंत तिकडे फिरकू नये.

नियम सोपा आहे. पाळणे अवघड, कारण आपल्या घरी झाडाला पाणी मिळते ते नळाच्या वेळेला. नळ आला की कालचे भरलेले पाणी 'शिळे' ठरते आणि घागर, पिंप, बादली, सगळे कुंडीत रिकामे होते. काळम्मावाडीच्या धरणात महिनोन्महिने साठलेले पाणी पिंपात एका रात्रीत शिळे कसे होते, हा प्रश्न घरात विचारू नये.

त्यात आपला पंगतीतला स्वभाव. पाहुण्याने ताटावर आडवा हात धरला तरी आपण बोटांच्या फटीतून रस्सा वाढतो. झाडाला आडवा हात धरता येत नाही. कुंडीत पाणी तुंबले की मुळांना हवा मिळत नाही, ती कुजतात, आणि कुजलेल्या मुळांच्या झाडाची पाने तहानलेल्यासारखीच मान टाकतात. मग येणारा-जाणारा "पाणी घातलं न्हाई वाटतं" म्हणत आणखी एक तांब्या ओततो. म्हणून एका कुंडीवर एकच अधिकारी नेमावा. बाकीच्यांनी आपली माया अळूवर करावी.

कलम ५ : पावसाळा. मुळे धरलेल्या झाडाला आठवड्याला साधारण २५ मिलिमीटर पाणी पुरते. जुलैत तेवढे एका दुपारीही कोसळते. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची ३९ फुटांना इशारा पातळी, ४३ फुटांना धोका पातळी. कुंडीची पातळी अशी : खालच्या बशीत पाणी दिसले की इशारा, दुसऱ्या दिवशी तेच पाणी दिसले की धोका. राधानगरी धरणाचे सात दरवाजे पातळी गाठली की आपोआप उघडतात. बशीला ती सोय नाही. ती हाताने उपसावी, किंवा पावसाळाभर काढूनच टाकावी. कुंडी पागोळ्यांखाली ठेवू नये.

कलम ६ : फूल. बियांपासून केलेले झाड बहुधा दुसऱ्या वर्षी फुलते. दरम्यान शेजारी "कोथिंबीर तरी लावायची" असे सुचवतील. सुकलेली फुले खुडत राहिल्यास नवी येतात. हंगामाच्या शेवटची राखावीत, त्यांत बी धरते.

'हे देवाला चालते का?' ही हरकत हमखास येईल. झेंडूही मेक्सिकोकडचाच, पण आज त्याच्याशिवाय दसऱ्याला तोरण लागत नाही. एकिनेशिया रांगेत मागे उभे आहे. एक-दोन शतके धीर धरावा.

अपवाद : नव्याने लावलेल्या रोपाची माती, मुळे धरेपर्यंत, थोडी ओलसर ठेवावी लागते; त्याला वेळेवर पाणी द्यावे. हे कलम मुद्दाम शेवटी दिले आहे. स्वतः मनात वाचावे. नळ आलेला असताना घरात मोठ्याने वाचू नये.